हरण्याची नोकरी

किड्यांच्या विषयात तो वर्गात पहिला आला, तेव्हा बाबांनी निकालाचा कागद डोळ्यांजवळ धरून वाचला आणि विचारलं, "वर्गात मुलं किती होती?"

"चार."

"मग ठीक आहे," बाबा म्हणाले आणि पुन्हा पेपरात शिरले.

त्या दिवसापासून घरात त्याचं नाव किडेशास्त्री पडलं. आईने त्याच्या खाटेखालचा केर काढणं सोडून दिलं, कारण तिथे चपलांच्या खोक्यांत त्याचे भुंगेरे होते, टाचणीला टोचून ओळीने लावलेले. पाहुणे आले की ती दार ओढून घेई आणि म्हणे, "आमच्याकडे बाकी सगळं स्वच्छ असतं हो."

त्याला किड्यांचं वेड लहानपणापासून. त्यात सुंदर असं काही त्याला दिसे, असंही नाही. एवढ्याशा जिवाला पायांचे सांधे असतात, त्या सांध्यांवर केस असतात, त्या केसांच्या मांडणीवरून त्याची जात ठरते, हे त्याला पुरे होतं. जगात कुठेतरी नेमकेपणा आहे, आणि तो आपल्याला वाचता येतो. एवढ्या एका गोष्टीवर तो उभा होता.

पण त्या गोष्टीला पगार देणारं कुणी भेटेना. एका कंपनीने बोलावलं, ती घराघरांत झुरळं मारायची औषधं फवारणारी. त्याने नाही म्हटलं. ती नोकरी घरात बरेच दिवस चघळली गेली.

"झुरळांना वाईट वाटलं असतं ना," आई म्हणायची. "त्यांच्यासाठी माझा मुलगा घरी बसलाय. झुरळं मात्र कामाला लागली, एकही रिकामं दिसत नाही."

शेवटी ताईचा नवरा मदतीला धावला. भावोजी माणसं पुरवणाऱ्या एका एजन्सीत होते. कुणाला हिशेबनीस लागला, कुणाला पहारेकरी लागला, की एजन्सी तीन जण पाठवायची आणि कंपनी त्यातला एक ठेवायची. एका दुपारी जेवण झाल्यावर भावोजी त्याला गच्चीवर घेऊन गेले.

"शास्त्रीबुवा, मुलाखतीला कमीत कमी तीन उमेदवार लागतात, हे ठाऊक आहे ना? नियम आहे. आता असं बघ, पुष्कळदा जागा आधीच ठरलेली असते. कुणाचा जावई, कुणाचा पुतण्या. तो एक. त्याचा कुणीतरी मित्र, तो दुसरा. तिसरा कुठून आणायचा?"

"म्हणजे ती जागा मला मिळणार नाही?"

"अरे वेड्या, तेच तर काम आहे. मिळायची नाही. जायचं, बसायचं, हरायचं, यायचं. एजन्सी पैसे देते."

"पण हरायला मी कशाला? कुणीही हरेल."

भावोजी हसले. "तिथेच तर सगळे चुकतात. ठार मठ्ठ माणूस पाठवला तर बघणाऱ्याला संशय येतो. हुशार पाठवला तर जावयाचं तोंड उतरतं. थोडक्यात हरणारा लागतो. तुझ्या चेहऱ्यावर ते आहे. वाईट मानू नकोस."

त्याने वाईट मानलं, आणि पुढच्या आठवड्यात इस्त्रीचा शर्ट घालून गेला.

पहिल्या वेळी तो मनापासून हरला. मग त्याला युक्ती सापडली. सुरुवात चांगली करायची, म्हणजे समोरचे पुढे झुकतात. मग मधेच एखाद्या सोप्या गोष्टीवर अडखळायचं, ओशाळं हसायचं, टेबलाच्या कडेकडे बघत राहायचं. बघणाऱ्यांना कीव येते. कीव आली की माणूस सुटतो, कारण कीव आलेल्याला कुणी नोकरी देत नाही. एका रंगाच्या कारखान्यात त्याला विचारलं, मूळ रंग किती. त्याने थोडा विचार करून सांगितलं, चार. समोरचा मालक खो खो हसला. गळ्यात रेशमी रुमाल बांधलेला, गुबगुबीत माणूस. "चौथा कुठला हो?" तो म्हणाला, "आत्ता आठवत नाही."

एजन्सीत त्याचं कौतुक होऊ लागलं. "तुझ्यासारखं हरणारा दुसरा नाही," तिथला साहेब एकदा त्याच्या पाठीवर थाप मारून म्हणाला. घरी येताना त्याची पाठ ताठ झाली होती. पदवी मिळाली तेव्हा पाठीवर कुणाचा हात पडला नव्हता. आईला त्याने सांगितलं होतं की आपण एजन्सीत सल्लागार आहोत. आई शेजारी सांगताना आवाज खाली आणायची, म्हणजे आपण खोटं बोलतोय असं तिला स्वतःलाच वाटत असावं.

मग एक दिवस भावोजींनी पुढच्या जागेचं नाव घेतलं, आणि त्याने हातातला चहाचा कप खाली ठेवला. वस्तुसंग्रहालय. कीटक विभाग. संग्रहाचा सहायक. जुना क्युरेटर निवृत्त होत होता, त्याच्या हाताखाली महिनाभर शिकून मग सगळा संग्रह सांभाळायचा. लाखो किडे, काचेखाली.

"भावोजी, ही मला द्या."

"देणारा मी कोण? समितीच्या अध्यक्षांच्या भाचीसाठी आहे ती. तू तिसरा."

"मग मी हरणार नाही."

भावोजींचा चेहरा बघता बघता बदलला. ते हळू बोलू लागले, आणि ते हळू बोलू लागले की ताई स्वयंपाकघरात गप्प व्हायची. "तू हरला नाहीस तर अध्यक्ष एजन्सीवर बिघडेल. एजन्सी माझ्यावर बिघडेल. तुझ्या ताईला सातवा महिना आहे. पुढचं तू शिकलेला माणूस आहेस, तूच जुळव."

आतून ताईचा आवाज आला, "कशाला घाबरवताय त्याला? तो हरेलच. त्याला दुसरं येतंय काय?"

ती थट्टेत म्हणाली. तिला बिचारीला भावाची बाजू घ्यायची होती.

तो गेला. संग्रहालयाच्या बाकावर भाची आधीच बसली होती, नवी पर्स मांडीवर घेऊन. चांगली मुलगी होती. तिने स्वतःहून सरकून त्याला जागा दिली.

"तुम्हाला भीती नाही वाटत किड्यांची? मला तर शिसारी येते. मामा म्हणतो, मेलेले आहेत, चावतील कसे?"

"नाही चावत."

"तुम्ही शिकलायत ना हे सगळं? तुमचा नंबर द्याल का? मला लागल्यावर काही अडलं तर विचारीन." बोलून झाल्यावर आपण काय बोललो ते तिच्या लक्षात आलं नाही. त्याने नंबर दिला.

आत तिघं होते. कोपऱ्यात ऑफिसातल्या एक बाई. दुसऱ्या बाजूला म्हातारा क्युरेटर, थरथरत्या हातांचा, ज्याला या ठरवाठरवीतलं काहीच माहीत नव्हतं. आणि मधल्या खुर्चीत अध्यक्ष. गळ्यात रेशमी रुमाल. त्याने ओळखलं. अध्यक्षांनी ओळखलं की नाही, ते कळेना.

क्युरेटरने काही न विचारता लाकडी खण पुढे सरकवला. काचेखाली तपकिरी भुंगेऱ्यांची रांग, सगळे एकसारखे, जणू एकाच कोटाची बटणं.

"बघा. काय दिसतं सांगा."

हरायला इतकं सोपं ठिकाण पुन्हा मिळालं नसतं. त्याने काचेवर मान झुकवली, आणि नुसतं बघता बघता सगळं विसरला.

"हा इथला नाही," तो म्हणाला. "शेवटून चौथा. भुंगेऱ्याचे वरचे पंख पाठीवर सरळ रेघेत मिळतात. याचे एकावर एक चढलेत. हा ढेकणांच्या जातीतला आहे. आणि ज्याने टोचला त्याला ते माहीत होतं, कारण टाचणी त्याने बरोबर पाठीवरच्या त्रिकोणातून घातलीय. भुंगेऱ्याला उजव्या पंखातून घालतात."

म्हाताऱ्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

"मीच टोचलाय तो," क्युरेटर म्हणाला. "तरुण होतो तेव्हा. म्हटलं, बघू कुणाला दिसतो. एवढे मोठमोठे लोक येऊन गेले." मग त्याने विचारायला सुरुवात केली, आणि ती मुलाखत राहिली नाही. दोघं खणावर वाकून बोलत होते. पाय, मिशा, पोटावरचे पट्टे. तो बोलत होता आणि स्वतःचा आवाज त्याला अनोळखी वाटत होता. इतका मोकळा आवाज आपल्याकडे होता, मग इतके दिवस तो कुठे होता?

अध्यक्षांनी घसा साफ केला.

"छान. फारच छान. एक विचारू? तुम्ही आमच्या कारखान्यात आला होतात ना? मूळ रंग चार म्हणालात."

त्याने होकारार्थी मान हलवली.

"म्हणजे बघा," अध्यक्ष क्युरेटरकडे वळून अगदी मायेने म्हणाले, "या गृहस्थांना मूळ रंग किती ते येत नाही, आणि किड्याच्या पंखावर मात्र व्याख्यान देता येतं. मला आपलं आश्चर्य वाटलं."

"ते मी मुद्दाम..." त्याच्या तोंडून निघालं.

"मुद्दाम?" म्हाताऱ्याने मान वर केली. "मुद्दाम चूक सांगितलं? का?"

उत्तर सोपं होतं. पैसे मिळतात म्हणून. यांनीच मागवलं म्हणून. आजही मला त्याचसाठी पाठवलंय. एक वाक्य पुरलं असतं, आणि त्या वाक्याच्या वाटेत ताई पोट सांभाळत उभी होती. तो टेबलाच्या कडेकडे बघत राहिला.

"म्हणजे आजचंही मुद्दामच का?" म्हाताऱ्याने विचारलं. आवाजात राग नव्हता. "पाठ करून आलात? कुणी सांगितलं तुम्हाला त्या खणाबद्दल?"

"कुणी नाही, सर."

"मला वाटलं होतं..." म्हातारा म्हणाला, आणि काय वाटलं होतं ते न सांगता त्याने खण हळूच स्वतःकडे ओढून घेतला. हात थरथरत होते, त्यामुळे आतले किडे जिवंत असल्यासारखे हलले.

संध्याकाळी भावोजी लढाई जिंकून आल्यासारखे आले. "अरे, अध्यक्षांचा फोन होता! म्हणाले, माणूस भारी पाठवलात, अगदी खरा वाटला. आता तुला मोठ्या जागांना पाठवणार." आणि त्यांनी त्याची पाठ थोपटली. ताई हसून म्हणाली, "मी म्हटलं नव्हतं?"

त्याने चपलांची खोकी उचलून माळ्यावर टाकली. आईने बऱ्याच दिवसांनी खाटेखालून केरसुणी फिरवली आणि म्हणाली, "आता कसं घर वाटतं."

क्युरेटर निवृत्त होऊन गेल्यावर, एका दुपारी, जेवणाची पानं मांडलेली असताना फोन आला. भाची होती.

"सर, ओळखलंत का? बाकावर भेटलो होतो आपण. एक विचारायचं होतं. काही खणांत किड्यांच्या खाली तपकिरी भुकटी पडलीय. बारीक, पिठासारखी. झटकली तरी परत पडते. म्हाताऱ्या सरांना फोन केला तर त्यांना आता नीट ऐकू येत नाही. हे काय असतं?"

त्याला ते माहीत होतं. पहिल्याच वर्षी शिकवतात. मेलेले किडे खाणाऱ्या किड्याच्या अळ्या. एका खणातून दुसऱ्यात जातात, आतून पोखरतात, वरचं कवच तेवढं ठेवतात. ते खण आजच्या आज वेगळे काढायचे, पिशवीत बांधून कडक थंडीत गोठवायचे, शेजारचे सगळे तपासायचे. आठवड्यात संग्रह वाचतो. शब्द जिभेवर येऊन उभे राहिले, आणि तोच मोकळा आवाज आतून वर येऊ लागला. तो त्याने गिळला.

"लाकूड जुनं आहे," तो म्हणाला. "भुसा पडतोच. फार उघडझाप करू नका, त्यानेच किडे खराब होतात. झाकणं घट्ट लावून ठेवा."

"हो का? मी उगाच घाबरले. बरं झालं तुम्हाला विचारलं, सर. पुन्हा विचारलं तर चालेल ना?"

"केव्हाही."

त्याने फोन ठेवला. वर्ष उलटायच्या आत त्या काचांखाली टाचण्या उरतील, आणि टाचण्यांना अडकवलेल्या नावाच्या चिठ्ठ्या. म्हाताऱ्याचा तो शेवटून चौथाही जाईल. हे त्याला अगदी नेमकं दिसत होतं.

"कोण होतं रे?" आईने विचारलं.

"संग्रहालयातून. किड्यांबद्दल सल्ला हवा होता."

आई पातेलं हातात धरून थांबली. "तुझा? संग्रहालयाला?" मग ती बाबांकडे वळली आणि नेहमीपेक्षा मोठ्याने म्हणाली, "ऐकलंत का? सर म्हणतात याला तिथे."

बाबांनी पेपर घडी करून बाजूला ठेवला. त्याच्याकडे जरा वेळ बघितलं, आणि स्वतःच्या हाताने त्याच्या ताटात भात वाढला.

तो पोटभर जेवला.