न पाहिलेल्या घराचा साक्षीदार

साक्षीदाराच्या पिंजऱ्याची पायरी चढायच्या आधीच त्याचा उजवा हात वर गेलेला असायचा. "खरं सांगीन सायेब," म्हणायचा, आणि खोटं सांगायला लागायचा.

वर्ध्याच्या कोर्टात त्या काळी तारखेला गेला असाल तर तुम्हीही त्याला पाहिलं असेल. जिल्ह्यात दारूबंदी नवी होती. दारू पकडली की पंचनामा, आणि पंचनाम्याला पंच हवाच. एका ठाण्याच्या फाटकाला लागून याची सायकल-पंक्चरची टपरी, म्हणून पंच कायम हाच. जन्मात थेंब न घेतलेला हा माणूस नुसत्या वासावरून मोहाची ओळखतो, असं कोर्टाच्या रेकॉर्डवर होतं! वकील हसत. मजूर संघटनेच्या कामाने मी तिथे असायचो; मला हसू येत नसे. याच्या एका होकारावर माणसं आत जात होती.

एकदा टपरीवरच गाठलं त्याला. "काका, काऊन बोलता खोटं?"

"मी कुठं बोलतो, बाबू? कागद बोलते. मी मान हालवतो." चाक फिरवत म्हणाला, "ठान्याच्या जागेवर बसून राह्यलो. तुमची संघटना देते का दुसरी जागा?"

मी रागानेच निघून आलो.

मग आमच्याच संघटनेच्या पोराची केस लागली. आंजी गावचा पोरगा, मजुरी वाढवून मागायला बायांना घेऊन बांधावर बसला होता. आठवड्याच्या आत त्याच्या घरात दारूचे डबे 'सापडले'. पंच अर्थातच हा. पोराच्या घरी अंथरुणाला खिळलेली माय, तिला पाणी द्यायला दुसरं कोणी नाही. शिक्षा म्हणजे तिचीही शिक्षा.

तारखेला कोर्टाच्या व्हरांड्यात पाहतो तर पोरगा आणि पंच एकाच बाकावर! पोराने फडकं सोडलेलं, आत भाकर-ठेचा.

"घ्या काका. तुमची कोन्ती केस?"

ज्याने त्याच्या घराची झडती 'डोळ्यांनी पाहिली', त्याला तो ओळखतच नव्हता. कसा ओळखणार? पंच त्याच्या दारात कधी गेलाच नव्हता. मी ताडकन उठलो. आमच्या वकिलाने हात दाबला. "बस. साक्षीदाराशी बोलू नकोस."

पंचाने तुकडा मोडला. "कोन केली भाकर?"

"मीच. माय उठत नाई."

पुढचा घास त्याने हातातच धरून ठेवला. तेवढ्यात पुकारा झाला.

त्या दिवशी पिंजऱ्यात त्याचा हात वर जाईना. कारकुनाला सांगावं लागलं. समोर आरोपीच्या जागी पोरगा त्याच्याकडे बघतच राहिला. आता त्याला कळलं होतं.

"डबे तुमच्यासमोर जप्त झाले?" सरकारी वकिलांनी विचारलं.

नेहमीसारखी मान हलली नाही. भिंतीशी उभा ठाण्याचा जमादार खाकरला.

"ऐकू आलं का?" न्यायाधीश म्हणाले.

"आलं सायेब. मी आंजीले गेलतोच नाई. कागद टपरीवर आला. सही माही हाये. घर मी पाह्यलं नाई."

पोरगा सुटला. याच्या आधीच्या साक्षींनी जे आत गेले, त्यांचं काय? ते कोणी विचारलं नाही, हेही लिहून ठेवतो.

पायऱ्यांवर जमादार उभाच होता. "संध्याकाळी ठान्यात ये बे."

"आम्ही सोबत येतो, काका," मी म्हटलं. पंच थांबला नाही. पोरगा मागे धावला.

"तू घरी जाय," मागे न बघता तो म्हणाला. "माय एकटी हाये."

टपरीकडची वाट सोडून तो गावाबाहेर, हिंगणघाटच्या रस्त्याला लागला, पायीच.

दुसऱ्या दिवशी टपरी रस्त्यावर उलटी पडलेली होती. सोल्यूशनच्या ट्यूबा चिखलात. मी आणि पोराने ती सरळ करून ठेवली. उघडायला कोणी आलं नाही.