दगडावरचं तेल

"इथं एक टुंईई आवाज टाक. म्हातारी आपटली की पब्लिक हसून मेलं पाहिजे."

दिग्दर्शक सर माझ्या खुर्चीमागे उभे. हातात चहा. समोर स्क्रीनवर माझी मावशी दगडावरून घसरत होती. हंडा उडाला, ती हातावर पडली. सरांनी पुन्हा लावायला सांगितलं. ती पुन्हा पडली. सर पुन्हा हसले.

नाशिकच्या त्या स्टुडिओत मी एडिटर होते. पेठकडच्या डोंगरातली, आदिवासी घरातली. लग्नाचे व्हिडिओ कापत कापत सिनेमापर्यंत पोचलेली. सरांनी या विनोदी सिनेमाचं शूटिंग आमच्याच गावात केलं होतं. त्यात मावशीचा हात मोडला. वाकडाच बसला. आता तिला भात लावता येत नाही. विचारलं की म्हणायची, "माझीच चूक, पोरी. पाय घसरला."

सरांना फोन आला, ते बाहेर गेले. मी शॉट मागे नेला, पार सुरुवातीला. कॅमेरा आधीच चालू होता. एक माणूस दगडावर तेल ओतत होता. आणि सरांचा आवाज, स्वच्छ.

"अजून ओत. म्हातारीला कळू देऊ नका."

मग मावशी आली. पडली. सगळं युनिट हसलं. उचललं कोणी नाही. मोडका हात पोटाशी धरून, आमची बोली सोडून, त्यांना कळावं म्हणून मराठीत ती विचारत होती, "हंड्याला पोचा तं नाय आला ना, साहेब?"

सर परत आले. मी म्हटलं, "सर, ही माझी मावशी आहे."

ते थांबले. वाटलं, आता तरी लाजतील.

"अरे वा! मग पार्टी दे. स्टार होणार मावशी तुझी."

"तुम्ही तेल ओतायला लावलंत."

"नाहीतर खरी पडली असती का? आणि तुम्हा डोंगरातल्यांना काय लागतं गं? आवाज टाक."

"नाही टाकणार."

"तुमच्या लोकांना एसीत बसवलं, हीच चूक. ऊठ!"

उठले. दारात स्टुडिओच्या मालकानं माझी पर्स उपडी केली. काही चोरलंय का बघायला. सगळ्यांसमोर.

आवाज दुसऱ्यानं टाकला. सिनेमा लागला. मी नको म्हणत असताना मावशी नवं लुगडं नेसून बघायला आली. ती पडली तेव्हा थिएटर खदखदून हसलं. मावशीनं आजूबाजूला पाहिलं. मग तीही हसली. तोंडावर पदर घेऊन.

बाहेर आल्यावर मी तिला तेलाचं सांगितलं. तिनं वाकडा हात पदराबाहेर काढून पाहिला.

"म्हंजी माझी चूक नव्हती?"

त्या दिवसापासून दुसऱ्याचं कापणं सोडलं. उसन्या कॅमेऱ्यावर, आमच्या बोलीत, माझा पहिला सिनेमा केला. त्यात मावशी कॅमेऱ्यासमोर बसून सगळं सांगते. तिला संवाद कोणी लिहून दिले नाहीत.

नाशिकच्या एका महोत्सवात तो पाठवला. निवड सरांच्याच हातात. त्यांचा माणूस आला, गोड बोलला.

"तेवढा तेलाचा भाग काढ. सरांच्या पाया पड. लगेच शो लावतो."

पाया पडणार नाही. एक फ्रेमही कापणार नाही. तुमची थिएटरं तुमच्याकडे ठेवा. पेठ, सुरगाणा, एकेका पाड्यावर मी पडदा बांधीन. दरवेळी आधी उभी राहून सरांचं पूर्ण नाव सांगीन.