आज कोण इल्लो?

आमच्या घरी ताटं मांडून झाली की आई बाबांच्या अगदी समोर यायची आणि ओठ नीट हलवून विचारायची, "आज कोण इल्लो?" म्हणजे आज तुमच्या तिथे कोण आलं होतं. मालवण सोडून तिला अर्धा जन्म झाला होता, पण हा प्रश्न तिने कधी मुंबईच्या मराठीत विचारला नाही. बाबा हातातला घास ताटात ठेवायचे, लुंगी सावरायचे आणि उठून उभे राहायचे. मग आमच्या एवढ्याशा खोलीत त्यांचं एकेक गिऱ्हाईक अवतरायचं.

'तिथे' म्हणजे घाटकोपर स्टेशनच्या पश्चिमेला, भाजीबाजाराच्या गल्लीत, एका शेटने काढलेलं व्हिडिओ गेमचं पार्लर. पूर्वी त्या गाळ्यात साड्यांचं दुकान होतं. भिंतीवरचे आरसे शेटने तसेच ठेवले होते, त्यामुळे मशीनं चार असली तरी आठ वाटायची आणि खेळणारी माणसं तर जत्रेएवढी. बाबांचं काम म्हणजे सुट्टे देणं, अडकलेलं नाणं काढणं, नंबरावरून होणारी भांडणं मिटवणं आणि शाळेच्या गणवेशातल्या पोरांना हाकलणं.

त्याआधी बाबा लालबागच्या एका गिरणीत साचेवाले होते. कापड विणायच्या मागाला गिरणीत साचा म्हणत. चार साचे ते एकटे सांभाळायचे. मग संप आला. संपावर भरभरून बोलणारी माणसं मला हल्ली फार भेटतात आणि खरं सांगायचं तर त्यांचा मला राग येतो. त्यांना सगळं ठाऊक असतं, कोण चुकलं, कोण फितूर झालं. आमच्या घरात संप म्हणजे एवढंच, की आई हसायची बंद झाली. ती रडली असती तर आम्हाला सोपं गेलं असतं. ती नुसती शिवणाची कामं घेत राहिली. संप मोडला असं कुणी म्हणेना आणि मिटला असंही कुणी म्हणेना. जुनं धोतर विरतं तसा तो विरत गेला.

बाबा पार्लरमध्ये लागले आणि पहिल्याच आठवड्यात एकदा जेवता जेवता उठून त्यांनी आम्हाला ड्रायव्हर करून दाखवला. गाडीच्या शर्यतीचं एक मशीन होतं, त्यावर हा रोज यायचा. पडद्यावरची गाडी डावीकडे वळली की हा अख्खा डावीकडे कलायचा, उजवीकडे वळली की उजवीकडे, आणि वळण मोठं असलं तर एक पाय हवेत. मागे बघत उभे असलेले लोकही नकळत त्याच्याबरोबर कलायचे. बाबा एवढ्या जोरात कलले की मोरीच्या कठड्यावर आपटले आणि पाण्याचं पिंप हिंदकळलं. आईने पदर तोंडाला लावला. तिचे खांदे हलताना मला दिसले. ती हसतेय हे कळायलाही मला जरा वेळ लागला, इतकी सवय मोडली होती.

त्या दिवसापासून 'आज कोण इल्लो' सुरू झालं.

एक होता मशीनशी भांडणारा. रेशनच्या दुकानदाराशी भांडावं तसा तो हुज्जत घालायचा. मी मारला होता ना रे, मग मेला कसा नाही, बटण मी आधी दाबलं होतं, तू मोजलं नाहीस. हरला की आजूबाजूच्यांना साक्षीला बोलवायचा. एक होता नाणं आधी कपाळाला, मग मशीनला, मग पुन्हा कपाळाला लावणारा. एवढं करूनही तो सगळ्यांत लवकर बाद व्हायचा. आणि माझा सगळ्यांत आवडता म्हणजे भाजीवाला काका. हा भाजी विकणारा नव्हे, भाजी आणायला घराबाहेर पडलेला. पन्नाशीचा, इस्त्रीच्या शर्टातला माणूस. पायांच्या मधे दुधीची पिशवी घट्ट धरून तो अंतराळातली विमानं पाडायचा, चेहरा मात्र विजेचं बिल भरायच्या रांगेत उभा असल्यासारखा. हरला की पिशवी उचलून निमूट घरी. बाबांनी आमच्याच टोपलीतला दुधी पायांत धरून तो असा काही उभा केला की शेजारच्या खोलीतले लोक दारात येऊन बघायला लागले.

पण बाबांचा हुकमी एक्का म्हणजे सल्लागार. पंचवीस-सव्वीसचा, बी.कॉम. झालेला, नोकरीच्या शोधात असलेला माणूस. स्वतः तो कधीच खेळायचा नाही. दुसऱ्याच्या खांद्यामागे उभं राहून, "डावीकडे घे ना यार, डावीकडे, अरे वाट लावलीस," असं त्याचं चालू. आणि समोरचा बाद झाला की दोन्ही हात झटकून, "मी बोललो होतो." बाबा तो इतका हुबेहूब करायचे की मी त्याला पहिल्यांदा प्रत्यक्ष पाहिलं तेव्हा तोच बाबांची नक्कल करतोय असं मला वाटलं.

या नकला बाबांना एवढ्या कशा जमायच्या, याचं कारण दुःखाचंच आहे. साच्यांच्या खात्यात इतका आवाज असतो की बोललेलं कुणालाच ऐकू येत नाही. तिथली माणसं ओठांवरून आणि हातांच्या खुणांवरून बोलतात. वर्षानुवर्षं त्या आवाजात राहून बाबांचे कान गेले आणि डोळे तयार झाले. माणूस कसा उभा राहतो, ओठ कसे मुडपतो, खांदा कधी पडतो, सगळं ते टिपायचे. घरी आम्हीही त्यांच्याशी तसंच बोलायचो. चाळीच्या नळावरून मी नुसते ओठ हलवले तरी वरच्या गॅलरीतून बाबांना कळायचं की पाणी गेलं.

पार्लरमध्ये चार मशीनांचा कल्ला असायचा, म्हणून बाबांना तिथे बरं वाटायचं. तिथे सगळेच बहिरे. पण वीस वर्षांचं अंगवळण जाणार कुठे? ते स्टुलावर बसायचे नाहीत, मशीनांच्या मधून येरझाऱ्या घालायचे. जाता जाता प्रत्येक मशीनच्या अंगाला तळवा लावून बघायचे, साच्याची थरथर बघावी तसे. खेळणारा ओरडायचा, काका, हात काढा. कुणी बाद झाला की बाबा दोन मुठी जवळ आणून झटक्याने लांब करायचे. खात्यात त्या खुणेचा अर्थ धागा तुटला. हळूहळू पोरंही एकमेकांना तीच खूण करायला लागली. आणि फ्यूज उडून सगळी मशीनं अचानक गप्प झाली, की बाकीचे हळहळायचे आणि बाबा मोठ्याने ओरडायचे, "हात मागे." बंद पडलेला साचा एकाएकी सुरू झाला तर बोटं जातात. इथे जाण्यासारखं काही नव्हतं, तरी सगळी गिऱ्हाइकं हात वर करून अंधारात उभी राहायची, इतका त्यांच्या आवाजात धाक होता.

एवढं सगळं असूनही बाबांनी त्या जागेला आपलं म्हटलं नाही. शेटने एकदा पगार वाढवून पक्कं करायचं काढलं तर म्हणाले, नको, मी इथे बदलीवर आहे. गिरणीत जो तात्पुरता दुसऱ्याच्या जागी लागतो तो बदली, आणि ज्याची जागा पक्की तो कायम. बाबा गिरणीत कायम होते. गिरणी उघडली की ते जाणार होते, आणि हे त्यांनी शेटला, आईला, मला, अगदी भाजीवाल्या काकालाही सांगून ठेवलं होतं. गिरणीची खाकी चड्डी आणि सदरा आईने धुऊन, डांबराच्या गोळ्या घालून ट्रंकेत ठेवले होते.

आणि एक दिवस त्यांच्या खात्यातला एक सोबती आमच्या टेकडीचा चढ चढून, धापा टाकत आमच्या चाळीत आला. गिरणी परत माणसं घेतेय, सोमवारी गेटवर या, असं त्याने सांगितलं. बाबांनी ते त्याच्याकडून दोनदा वदवून घेतलं. शनिवारी त्यांनी पार्लरचा निरोप घेतला. शेटने पेढे वाटले. सल्लागाराने म्हणे त्यांना मिठी मारली आणि जाता जाताही सल्ला दिला, काका, पहिल्या दिवशी जास्त काम करू नका. त्या रात्री बाबांनी सल्लागार करून दाखवला तेव्हा ते स्वतःच मधे हसून थांबले.

सोमवारी ते पहाटेच निघाले. आईने साखर घालून शिरा केला होता. दुपारी मी कॉलेजातून आले तेव्हा आई मशीनवर ब्लाउज शिवत होती आणि बाबा दारात उभे होते. नुकतेच आले असावेत, चपला अजून पायात. त्यांनी आवाज न काढता, फक्त ओठांनी आईला सांगितलं, "घेतलं नाही." शिलाई मशीनच्या आवाजात तसंही ते ऐकू आलं नसतं. आईने पाय थांबवला.

गेटवर डॉक्टर बसवला होता. त्याने बाबांना भिंतीकडे तोंड करून उभं केलं आणि मागून हाक मारली. बाबा भिंतीकडे बघत उभेच राहिले. पुन्हा मारली असेल, तेही त्यांना ठाऊक नव्हतं. कुणीतरी खांद्याला धरून त्यांना वळवलं तेव्हा रांगेतला मागचा माणूस पुढे सरकला होता. ज्या खात्यात कुणालाच कधी हाक ऐकू येत नाही, त्या खात्यासाठी ही परीक्षा. आणि ते कान नेले कुणी, तर त्याच खात्याने. मला आजही हे लिहिताना राग येतो. बाबांना राग आला नाही. ते एवढंच म्हणाले, समोरून विचारलं असतं तर मी सांगितलं असतं.

त्या दिवशी आईने काही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही.

तिसऱ्या दिवशी बाबा मला म्हणाले, चल गो माझ्याबरोबर. शेटच्या तोंडात सतत पान, त्याचे ओठ कळत नाहीत, आणि परत कामावर ठेवा म्हणून विचारायचं तर उत्तर नीट कळायला हवं. आम्ही गल्लीत शिरलो तेव्हाच पार्लरमधून हसण्याचा मोठा आवाज आला. तो बाबांना ऐकू आला नाही, मला आला.

दारातून आत पाहिलं तर मशीनं चालू होती पण खेळत कुणी नव्हतं. सगळे मधल्या जागेकडे तोंड करून उभे होते आणि मधे सल्लागार होता. तो पोक काढून मशीनांच्या मधून येरझाऱ्या घालत होता. प्रत्येक मशीनला तळवा लावून, मान तिरकी करून बघत होता. दोन मुठी झटक्याने लांब करत होता. मधेच थांबून, कानावर हात ठेवून, आवाज न काढता नुसते ओठ हलवत होता. मग त्याने दोन्ही हात वर केले आणि ओरडला, "हात मागे," आणि सगळे हात वर करून हसत सुटले. भाजीवाला काका पिशवी पायात धरून हसत होता. आरशांमुळे असे कितीतरी बाबा तिथे फिरताना दिसत होते.

त्यात वाईट हेतू नव्हता, हे मला आता पटतं. काका गिरणीत गेले, कायमचे गेले, म्हणून त्यांची आठवण काढत होते बिचारे. पण तेव्हा मला त्या माणसाचं तोंड फोडावंसं वाटलं. मी बाबांचा हात धरला, परत फिरू म्हणून. बाबा हलले नाहीत. ते डोळे बारीक करून बघत होते, जसे रोज बघायचे, खांदा कसा पडतो, ओठ कसे हलतात. सगळं होईपर्यंत त्यांनी पाहिलं. मग आरशात आम्ही कुणालातरी दिसलो आणि हसणं थांबलं. सल्लागाराचे हात वरच राहिले.

बाबा आत गेले, त्याच्या पाठीवर थाप मारली आणि शेटकडे वळले. मी विचारलं. शेटने पान थुंकून, स्वच्छ ओठांनी सांगितलं, तुमचं स्टूल तिथेच आहे.

त्या संध्याकाळी आईने ताटं मांडली. ती बाबांच्या समोर आली आणि शनिवारनंतर पहिल्यांदाच तिने विचारलं, "आज कोण इल्लो?"

बाबांनी घास ठेवला. उठले. पोक काढून खोलीत फिरायला लागले. कपाटाला तळवा लावला, भिंतीला लावला, मोरीच्या पिंपाला लावून मान तिरकी केली. दोन मुठी झटक्याने लांब केल्या. कानावर हात ठेवून नुसतेच ओठ हलवले. मी मान खाली घालून भात कालवत राहिले. आईला मात्र ती ढब अनोळखी वाटली असावी. बाबा घरी असे कधी चालत नसत, आणि खात्यातले बाबा तिने कधी पाहिलेच नव्हते. ती हसायला लागली. पदर तोंडाला लावायचंही विसरली, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली.

"ह्यो कोण नवीन?" तिने विचारलं.

बाबा ताटावर बसले. भातावर आमटी ओतून घेतली.

"नवीन नाय," ते म्हणाले. "जुनोच आसा, गिरणीतलो. आजपासून पार्लरात कायम झालो."

आपण कुणाला हसलो ते कळलं तरी आईच्या चेहऱ्यावर हसू तसंच राहिलं होतं, काढून घ्यायचं सुचलं नव्हतं म्हणून. तिने बाबांच्या ताटात आणखी भात वाढला, नको म्हणत असताना वाढला. जेवण झाल्यावर तिने ट्रंक उघडली, खाकी चड्डी बाहेर काढली आणि पुसायचं फडकं करायला कात्रीने तिच्या शिवणी उसवत बसली. त्यानंतर तो प्रश्न तिने पुन्हा कधी विचारला नाही.