आवाज सोपानचाच

फोन आला तेव्हा मी ब्लाऊजला बाही लावत होते. सोपान गेला. कावीळ अंगावर काढली, मुंबईत दवाखान्यात नेईपर्यंत उशीर झाला होता... त्याला आता काही महिने झाले. ती बाही मला नंतर उसवून पुन्हा लावावी लागली, उलटी लागली होती.

सोपान माझा मावसभाऊ, जालना जिल्ह्यातल्या टेंभुर्णीचा. घरी शेळ्यामेंढ्या आणि थोडी शेती. कॉलेजसाठी जालन्यात मस्तगडला आमच्याकडे राहायला आला आणि अभ्यास सोडून मोबाइलवर रॅप ऐकत बसला. माझ्या पायमशीनच्या ठेक्यावर स्वतः रचलेल्या ओळी म्हणायचा. आठवडी बाजार, न येणारी एसटी, बापाची काठी, सगळं गावच्या बोलीत. वर मलाच सांगायचा, "तायडे, जरा हळू चालव ना, मी मागं पडून राह्यलो." "गिऱ्हाईक काय तुझ्यासाठी थांबणार हाय का रे?" असं मी ओरडायचे, पण पाय हळू व्हायचा.

त्याचा एक व्हिडिओ पाहून कुणीतरी त्याला सिनेमात घेतलं. वस्तीतला रॅपर, नायकाचा मित्र. पुढं तशीच कामं मिळत गेली. उलटी टोपी, गळ्यात साखळी. काम झकास करायचा, पण त्याची बोली गावंढळ वाटते म्हणून दरवेळी आवाज दुसऱ्याचा लावायचे. रॅपर म्हणून घेतलेल्या माणसाचा रॅप दुसऱ्यानंच म्हणायचा! माझं डोकंच फिरायचं. त्याचे वडील, म्हणजे माझे काका, शेळ्या शेजाऱ्याकडे सोपवून प्रत्येक सिनेमाला जालन्याला यायचे. बाहेर पडताना विचारायचे, "तोंड आपल्या पोराचं, मंग आवाज कुनाचा गं?"

मी हे सोपानला सांगितलं. एरवी कशावरही हसणारा तो, त्या दिवशी हसला नाही. तेव्हापासून त्यानं हट्ट धरला, आवाज माझाच, नाहीतर काम नको. हातची दोन कामं गेली. "आधी पाय तर रोव, मंग हट्ट कर," मी समजावलं. "न्हाई तायडे. बापाला उत्तर द्यायचंय मला," तो म्हणाला.

शेवटी एका नव्या दिग्दर्शकानं त्याचं ऐकलं. मग सोपान घरी आला, मोबाइल मशीनजवळ धरला आणि चालव म्हणाला. "कशाला रे?" "लागंल." पुढं मुंबईहून फोनवर बोलताना सहज म्हणाला, डोळे पिवळे झालेत. मी खूप रागावले. "डबिंग होऊ दे, मंग दवाखाना बिलकुल पक्का," तो म्हणाला. डबिंग पुरं झालं. दवाखाना राहिला तो राहिलाच... या गोष्टीचा मला अजून राग येतो, आणि तो काढायचा कुणावर?

तो गेल्यानंतर सिनेमा जालन्यात लागला. काकांना घेऊन गेले. पडद्यावर सोपान आला, रॅप सुरू झाला, तसे काकांनी डोळे मिटून घेतले.

"काका, बघा ना."

"तोंड म्हाइत हाय मला," ते म्हणाले. "ऐकू दे."

आवाज सोपानचा होता आणि त्याखाली माझी मशीन चालली होती.

आता काका बाजाराला आले की आधी आमच्याकडे येतात. मशीनशेजारी बसतात, चहा घेतात. मग म्हणतात, "चालव. जरा हळू." शिवायला काही नसेल तर मी एक चिंधी सुईखाली सरकवते.