मल्हारीचा विग्रह

वाईच्या स्टँडवर सकाळी कराडची गाडी लागली, तेव्हा सून मला तिसऱ्यांदा विचारत होती, "आई, नक्की एकट्याच जाणार?"

"घोटाळा एकटीनं केला होता," मी म्हटलं, "निस्तरायलाही एकटीच जाते."

पंधरा दिवसांपूर्वी मला एक फोन आला होता. पलीकडून खणखणीत आवाज. "बाई, वळखलं का? तानू बोलतीया. आमच्या नातीला पोरगी झालीया. रविवारी बारसं हाय. तुमी काढलेलं नाव तुमीच घालायला या. न्हाईतर वर गेल्यावर देवाला तुमचा पत्ता देईन."

पन्नास वर्षांत भेट नाही, आणि बाईंनी सुरुवातच धमकीनं केली. मला फार बरं वाटलं. मी लगेच पिशवी भरली.

कंडक्टरनं मला निरखून पाहिलं. "आजी, पंच्याहत्तर पूर्ण?"

"पूर्ण असते तर फुकट नसते का बसले? दोन वर्षं कमी आहेत. अर्धं तिकीट द्या."

खिडकीतून मी दुकानांच्या पाट्या वाचत निघाले. ही माझी जुनी खोड. साताऱ्यात गाडी थांबली तेव्हा उतरून कंदी पेढे घेतले. समोर 'मुरारी रसवंती' होती, म्हणजे मुर राक्षसाला मारणाऱ्याची. तिथून निघालो तर 'त्रिपुरारी टायर्स'. पुढे एक 'दैत्यारी इलेक्ट्रिकल्स'सुद्धा दिसलं. एखादा राक्षस मारल्याशिवाय आपल्याकडे कुणी दुकान उघडत नाही, असं दिसतं. आणि माझा घोटाळाही अशाच एका राक्षस मारणाऱ्याच्या नावाचा.

हायवेला पालीच्या खंडोबाकडे जाणारा फाटा आला आणि मी मान दुसरीकडे वळवली. पन्नास वर्षं मी या फाट्यावर अशीच मान वळवते. आता सांगून टाकते.

तेव्हा मी तेवीस वर्षांची होते. कुंडलच्या अलीकडच्या एका गावात मराठी आणि संस्कृत शिकवायला गेले होते. बी.ए.ला संस्कृतात पहिला वर्ग मिळालेला, आणि अंगात इतकी विद्या की एसटीत दोन जागा लागाव्यात. भाजीवालीनं 'कोथमीर' म्हटलं तर मी तिला 'कोथिंबीर' करून द्यायचे. तिनं मला एकदाही जुडी चांगली दिली नाही, ते का, हे मला पुढे कितीतरी वर्षांनी कळलं.

मी तानूबाईंच्या घरी एका खोलीत राहायचे. पैलवानांचं घर. सासरे गावच्या तालमीचे वस्ताद, दोन्ही कान मोडलेले. तानूबाईंची दोन बाळंतपणं वाया गेली होती. तिसऱ्या वेळी त्या पालीला जाऊन खंडोबाला बोलल्या: पोरगा जगू दे, तुझं नाव ठेवीन आणि त्याच नावानं तुझ्या पायरीवर आणून घालीन. पोरगा जगला. नाव ठरलं मल्हारी.

बारशाला सगळं गाव लोटलं. टोपी घातलेला वरवंटा पाळण्याखालून वरून फिरून झाला, आत्या बाळाच्या कानाशी वाकली, आणि तानूबाई कौतुकानं म्हणाल्या, "थांबा! आमच्या बाई लय शिकल्यात. बाई, नावाचा अर्थ सांगा की समद्यांस्नी."

गप्प बसता आलं असतं. 'देवाचं नाव आहे' एवढं म्हटलं असतं तरी घुगऱ्या मिळाल्या असत्या. पण ती तेवीस वर्षांची बया उठून उभी राहिली, पदर सारखा केला आणि म्हणाली, "मल्हारी म्हणजे मल्लारि. मल्ल अधिक अरि. मल्लांचा शत्रू तो मल्लारि. आता गंमत पाहा, मल्ल म्हणजे पैलवान. म्हणजे पैलवानाच्या घरात तुम्ही पैलवानांच्या शत्रूला जोजवताय!"

आणि ती हसली. एकटीच.

वस्ताद उठले. "मग नगं ते नाव," म्हणाले. "तालमीला दुश्मन नगं. बाई, तुमीच सुचवा एक." मी ताबडतोब 'मधुसूदन' सुचवलं. आत्या वाकलेलीच होती, तिनं ते कानात सांगितलं, झालं. आठवड्यानं आंघोळ करताना मला आठवलं की मधू हाही राक्षसच, आणि मधुसूदन म्हणजे त्याला मारणारा. एक राक्षस काढून मी दुसरा घातला होता. तांब्या हातात तसाच राहिला. पण मी कुणाला सांगितलं नाही. विद्येला कमीपणा आला असता.

वर्षानं माझी बदली झाली. मागून कुणाकडून तरी कळलं, की तानूबाई पुन्हा कधी पालीला गेल्या नाहीत. "काय तोंड घेऊन जाऊ?" म्हणायच्या.

कराडला गाडी बदलली. स्टँडसमोर अख्खा मसूर आणि भाकरी खाल्ली, इतकी झणझणीत की शेजारच्या टेबलावरच्या माणसानं न विचारता माझ्यापुढे पाण्याचा तांब्या सरकवला. पुढे तासगावची गाडी. रस्त्यानं उसाच्या ट्रॉल्या, प्रत्येक ट्रॅक्टरवर कर्णा, आणि प्रत्येक कर्ण्याला गाव जागं करायची जबाबदारी. मी कंडक्टरला ऐटीत म्हटलं, "मला सांगू नका, माझं ओळखीचं गाव आहे," आणि अर्थातच एक फाटा आधी उतरले.

उतरले ती एका डेअरीसमोर. पाटीवर लिहिलेलं: 'श्री महिषासुरमर्दिनी दूध संकलन केंद्र'. खाली म्हशीचं चित्र. म्हैस हसत होती.

आत एक जाडजूड गृहस्थ कॅन धूत होते. मला राहवेना. "अहो, म्हशीच्या दुधाच्या डेअरीला हे नाव कसं काय?"

"का ओ आजी? चांगलं हाय की."

"मर्दिनी म्हणजे काय, ठाऊक आहे?"

"व्हय तर. मर्दन करणारी. बाळाला तेल लावून मर्दन करत्यात न्हवं? तसं म्हशीची लय सेवा करणारी देवी. आमची आय करायची, रोज तेल लावून. लय दूध द्यायच्या म्हशी."

तेवीस वर्षांची बया आत उठून उभी राहिली. मी तिला खाली बसवलं. "बरोबर आहे," म्हटलं, "चांगला अर्थ आहे." त्यांनी खूश होऊन मला पेलाभर ताक दिलं आणि तानूबाईंच्या घरी फोन लावून दिला.

घ्यायला गाडी आली. चालवणारा गृहस्थ पन्नाशीचा, फौजेतून निवृत्त, अंगानं दणकट. उतरून पाया पडला. "बाई, मीच तो मधुसूदन."

मी नजर चुकवून पिशवी सावरली. तोच हसत म्हणाला, "गाव मदू म्हणतंय. फौजेत भरती झालो तवा नाव ऐकून हवालदारानं मला केरळच्या पोरांच्या रांगेत उभं केलं. दोन दिवस भात-सांबार खाल्लं. तिसऱ्या दिवशी भाकरी मागितली, तवा सापडलो."

"रागावलास?"

"मी न्हाई. पर आई…" त्यानं गिअर टाकला. "गुडघे गेल्यात तिचं. या वर्षी पालीला न्हाई गेली, तर परत जमायचं न्हाई. नाव घातल्याबिगर जाणार न्हाई म्हणती."

"मग घाला की नाव. अडलंय कुठं?"

"आमचं जावई अडलंय," तो म्हणाला. "तुमीच बघा."

अंगणात मांडव होता, आणि मांडवाच्या तोंडाशी खुर्चीत तानूबाई. केस पांढरे, पाठ ताठ, नजर तीच. मी वाकले तर माझा हात धरून म्हणाल्या, "म्हातारी झालीस की गं बाई! मला वाटलं, पुस्तकं वाचणारी म्हातारी हुत न्हाईत."

पाळण्याशेजारी त्यांची नात, म्हणजे मधुसूदनची मुलगी राणी बसली होती. लग्नाआधी मातीत आणि मॅटवर दोन्हीकडे कुस्त्या केलेली, खांदे अजून तसेच. तिचा नवरा विक्रम, म्हणजे घरचा जावई, हाही पैलवान. तो हातात मोबाईल घेऊन उभा होता.

"आज्जी, मला देवाबद्दल काय न्हाई म्हणायचं," तो तानूबाईंना म्हणत होता, "पण हितं लिहिलंय बघा. मल्ल अधिक अरि. मल्लांचा शत्रू. आई पैलवान, बा पैलवान, आणि पोरगी पैलवानांची शत्रू? तालमीत हसतील मला."

माझंच वाक्य. पन्नास वर्षांनी, मिशीसकट परत आलं होतं.

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. तानूबाई म्हणाल्या, "बोला आता."

खोटं बोलता आलं असतं. पण म्हातारपणी खोटं बोलायचं तर चांगलं सुचावं लागतं. "अर्थ बरोबर आहे," मी म्हटलं. तानूबाईंचा चेहरा उतरला. मी घाईनं पुढे सांगितलं, "पण हा मल्ल म्हणजे पैलवान नव्हे. मणी आणि मल्ल असे दोन दैत्य होते. देवानं मल्लाला लोळवलं, तेव्हा मरताना तो म्हणाला, तुझ्या नावाआधी माझं नाव लाव. देवानं लावलं. म्हणून मल्हारी म्हणताना आधी दैत्य येतो, मग देव."

"ते खरं ओ बाई," विक्रम नम्रपणे म्हणाला, "पण पाटीवर कथा लिहीत न्हाईत. अर्थ शत्रूच राहतोय न्हवं?"

पोरगा हट्टी होता, आणि मुद्देसूद. मला तो आवडायला लागला, हीच अडचण. व्याकरणात समास फोडण्याला विग्रह म्हणतात, आणि भांडणालाही विग्रहच म्हणतात. मी या घरात दोन्ही केले होते. जोडायचं कसं, ते मला कुणी शिकवलं नव्हतं.

राणीनं मांडीवरचं बाळ खांद्यावर घेतलं. "आवं, एक इचारू?" ती नवऱ्याला म्हणाली. "गेल्या जत्रंत तुमची कुस्ती कुणाबर लागली हुती?"

"विट्याच्या पैलवानाबर."

"का? वाण्याबर का न्हाई लावली?"

मांडवात कुणीतरी फिस्सकन हसलं.

"पैलवानाची जोड, त्याच्या तोलाचा गडी, पैलवानच असतोय," राणी म्हणाली. "मल्लाचा अरि मल्लच. दुसरा कोण त्याच्या अंगाला हात लावंल? तुमचं नाव पुकारत्यात तवा जोडीचं नाव पुकारत्यातच की. त्या दैत्याला जोड देवाची मिळाली, म्हणून नाव राहिलं त्याचं. माझ्या पोरीपुढं उभं राहायला मल्लच लागंल, असा अर्थ हाय त्याचा. ठेवा तो मोबाईल खिशात."

विक्रमनं मोबाईल खिशात ठेवला. मग दोन्ही हात वर करून म्हणाला, "चितपट."

मांडव हसला. मी मात्र हसले नाही. मी तीस वर्षं तो समास फळ्यावर लिहून फोडला होता, आणि एकदाही कुस्ती पाहिली नव्हती. तानूबाईंच्या दारासमोर तालीम होती. मी तिच्यासमोरून नाकाला रुमाल लावून जायचे.

"तानूबाई, चुकले मी," सगळ्यांसमोर म्हटलं.

"ते कवाच कळलंय," त्या म्हणाल्या. "चला, पाळण्याजवळ. जावयाला भैन न्हाई. आत्या तुमीच."

मी पाळण्याशी वाकले. बाळ डोळे उघडे ठेवून माझ्याकडे बघत होतं, मुठी आवळून, जणू सलामीला उभं आहे. आणि नेमकी तेव्हाच ती तेवीस वर्षांची बया शेवटचं बोलली: मल्हारी पुल्लिंगी आहे, मुलीला कसं चालेल?

मागून एक म्हातारी दुसरीला सांगत होती, "शेवटाला ई हाय न्हवं? पोरीचंच नाव हाय ते."

मी तोंड मिटलं. मग बाळाच्या कानात म्हटलं, "कुर्र… मल्हारी."

नाव सांगितलं की आत्याच्या पाठीत धपाटे घालायची चाल तुम्हाला माहीतच आहे. बायकांनी हलक्या हातानं चार चापट्या मारल्या, वयाचा मान राखून. मग सगळ्या बाजूला झाल्या. तानूबाई खुर्चीतून उठल्या, चार पावलं चालल्या आणि पैलवानाच्या सुनेचा एक धपाटा माझ्या पाठीत बसला. असा, की माझा चष्मा पाळण्यात पडला.

"ह्यो मल्हारीचा," त्या म्हणाल्या. मग तोच हात पाठीवर ठेवून जरा वेळ तशाच उभ्या राहिल्या.

दुसऱ्या दिवशी मधुसूदननं गाडी काढली. मी पुढे, मागे तानूबाई, राणी आणि बाळ. त्या फाट्याशी गाडी वळली, तेव्हा मान कुठे वळवायची असते, ते मी विसरलेच होते. देवळाच्या पायऱ्या तानूबाई बसत-उठत चढल्या. कुणाचा हात घेतला नाही. देवापुढे त्यांनी आधी त्या पन्नाशीच्या, नव्वद किलोच्या माणसाला पायरीवर पालथं पडायला लावलं. मग त्याच्याशेजारी बाळ ठेवलं. भंडाऱ्यानं सगळे पिवळे झाले.

"आणलं बघ," तानूबाई देवाला म्हणाल्या. "एकाच्या जागी दोन. उशीर का झाला, ते हिला इचार." आणि माझ्याकडे बोट दाखवलं.

संध्याकाळी त्यांनी मला वाईला दारात सोडलं. मी आत येऊन पालथी पडले. सून तेलाची वाटी घेऊन आली, पदर बाजूला करून बघते तर पाठीवर पाचही बोटं.

"आई! कुणी मारलं एवढं?"

"मर्दिनीनं," मी म्हटलं. "आता तू कर मर्दन. जरा डावीकडे चोळ."