डाव्या खांद्यावरची रायफल

नात बॅटला जवसाचं तेल चोळत होती. डावखुरीच आहे, माझ्यासारखी. त्या वासानं मी थेट धाराशिवच्या मैदानावर पोचले. चीनच्या लढाईनंतर आम्हा शिक्षिकांनाही तिथं रायफल शिकवत होते, आणि तिच्या लाकडी दस्त्याला हेच तेल लावायचे.

त्या जुन्या रायफलीचा बोल्ट, म्हणजे गोळी भरायचा दांडा, उजव्या बाजूला. दर गोळीला तो हातानं ओढावा लागे. मी दस्ता डाव्या खांद्याला लावला की शिकवणारे उस्ताद ओरडायचे, "बाई, हात बदला, न्हाय तर घरी जावा!" लहानपणी शाळेत छड्या खाऊनही मी हात बदलला नव्हता. डावा हात वरून पलीकडं नेऊन बोल्ट ओढत राहिले. पाचही गोळ्या निशाणावर बसल्या.

मग एक दिवस नवी रायफल दाखवायला आणली. एक गोळी सुटली की दुसरी आपोआप भरायची. उस्ताद खुशीत म्हणाले, "बघा बाई, आता तुमच्या हाताची अडचण न्हाय."

"अडचण हाताची नव्हतीच, उस्ताद. रायफलीची होती. म्हणून तर तिला बदललं."

मला तेव्हा तो उद्धटपणा वाटला होता. आता वाटतं, कमीच बोलले.