सुगंधाच्या चारशे चादरी

सुगंधा धुरीच्या नवऱ्याची गिरणी संपात बंद पडली ती पडलीच. तेव्हा हिने भांडुपच्या चाळीतल्या खोलीत एक शिवणयंत्र मांडलं. शहाऐंशी सालापर्यंत यंत्रं पाच झाली आणि त्यांच्यावर पाच बायका. तिच्या कष्टांवर गहिवरत बसायला मला वेळ नाही आणि तिलाही ते आवडणार नाही, तेव्हा मुद्द्यावर येते.

त्या वर्षी तिला एका सरकारी रुग्णालयाच्या चारशे चादरींचं कंत्राट मिळालं. मांजरपाटाच्या, पलंगाच्या मापाच्या. सरकारी रीत अशी की आधी एक नमुना द्यायचा; भांडारात तो लाखेची मोहोर लावून ठेवतात आणि पुढचा माल त्याच्याशी ताडून घेतात. हिने कोऱ्या ताग्यातून एक चादर कापून, शिवून दिली. आणि पुढे घोटाळा केला तो चांगुलपणाने. कोरं कापड पाण्यात पडलं की आटतं, म्हणून पोराच्या झबल्यालासुद्धा ती आधी कापड भिजवून घेते. तीच सवय चारशे चादरींना. सगळ्या ताग्यांची खळ धुऊन काढली, गच्चीवर वाळवले आणि मग मापाने कापले. कुणी सांगितलं होतं? कुणीच नाही.

भांडार अधिकारी नंदकुमार यांनी तराजू लावला. नमुन्यापेक्षा प्रत्येक चादर हलकी. झालं. माल नाकारला, दुसरीकडून चढ्या भावाने चादरी घेतल्या आणि फरकाचे अकरा हजार नुकसानभरपाई म्हणून हिच्या माथी मारले. एवढ्यावरही थांबले नाहीत. हिने त्याच रुग्णालयाला आधी ॲप्रन शिवून दिले होते; ते अकरा हजार त्यांनी त्या ॲप्रनच्या बिलातून परस्पर कापले. ॲप्रनबद्दल कुणाची तक्रार नव्हती! बायकांचे दोन महिन्यांचे पगार त्या बिलावर अडकलेले. पैसे सुटले नाहीत तर दोन यंत्रं विकायची, म्हणजे दोन बायका घरी.

करारपत्र इंग्रजीत, म्हणून ती मुलुंडला माझ्याकडे आली; माझे कपडे तीच शिवायची. मी वाचून तिला सांगितलं की ठरलेलं देणं दुसऱ्या बिलातून कापता येतं. पण तू करार मोडलास की नाही याचाच वाद आहे, तो मिटेपर्यंत हे देणं नाही, नुसता दावा आहे. वाद झाला तर लवाद नेमायचा, हेही कलम त्यातच होतं. ती तडक भांडारात गेली. नंदकुमार म्हणाले, नियम आहे.

"साहेब, दावो तुमचो, आणि निवाडोव तुमीच करतलास?"

मी खरमरीत अर्ज लिहिला, दोन स्मरणपत्रं लिहिली, तेव्हा कुठे पुढच्या मे महिन्यात लवाद आले. निवृत्त इंजिनियर, खात्यानेच नेमलेले. म्हणजे त्यांचाच माणूस, असं मी धरून चालले होते. तिथे मी साफ चुकले. सुनावणीला मी तिच्याबरोबर होते; त्यांनी सुगंधाचं सगळं ऐकून घेतलं. तिचं मागणं एकच: तो नमुना धुवा. नंदकुमार म्हणाले, मोहोर तोडता येणार नाही, तो पुरावा आहे.

लवादांनी विचारलं, "रुग्णालयात चादरी धुतात ना?"

"धुतात, साहेब."

"मग बादली मागवा."

कचेरीच्या व्हरांड्यात सुगंधाने पदर खोचला आणि बसली धुवायला. बादलीतलं पाणी पेजेसारखं झालं. चादर कठड्यावर टाकली आणि ती वाळेपर्यंत दावेदार, प्रतिवादी आणि न्यायाधीश असे तिघेही एका किटलीतला चहा पीत बसले. वाळल्यावर वजन केलं, तर नमुनाच हिच्या चादरींपेक्षा हलका. लांबीला पाच इंच कमी, म्हणजे पलंगालाही पुरेना. नंदकुमारांनी तीनदा टेप लावून पाहिली. त्यांच्याकडे पाहून मलासुद्धा दया आली, फार नाही.

निवाडा लेखी आला: करारभंग सिद्ध झाला नाही, कापलेली रक्कम परत करावी. तिसऱ्या आठवड्यात चेक आला आणि त्याच दिवशी पाचही जणींचे थकलेले पगार झाले. एकही यंत्र विकावं लागलं नाही.

नाकारलेल्या चादरी, पुराव्यापुरती एक ठेवून, तिने मुलुंडच्या एका नर्सिंग होमला कमी भावात दिल्या होत्या. मी म्हटलं, आता तो तोटाही सरकारकडून वसूल कर, अर्ज मी लिहिते. ती कात्री चालवतच होती.

"बाई, तेवढ्या वेळात मी शंभर चादरी शिवतलंय."